‘गणिताने सिद्ध’ एन्क्रिप्शन खरंच तसं आहे का, ते घरच्या घरी कसं तपासायचं

दिवाळीच्या आधीची गोष्ट आहे. ठाण्यात कोपरीला आमची सोसायटी, ९६ फ्लॅट. रविवारी सकाळी सेक्रेटरी काका दारात, हातात एक गुळगुळीत माहितीपत्रक, म्हणाले ताई तू महापेला त्या सिक्युरिटीच्याच कामात आहेस ना, जरा नजर टाक, कमिटीला घ्यायचंय. सभासदांची माहिती ठेवायचं सॉफ्टवेअर होतं, कोणाचं ते लिहीत नाही, त्याची गरज नाही. वर ठळक अक्षरात ‘मिलिटरी ग्रेड, गणिताने सिद्ध झालेलं एन्क्रिप्शन’, म्हणजे किल्लीशिवाय माहिती वाचताच येऊ नये असा बंदोबस्त. डेमो म्हणून त्यांनी आमचाच डेटा भरून, एन्क्रिप्ट करून, एक्सेलमध्ये काढून दिला होता, की बघा काही वाचता येतं का.

मी उघडली ती शीट. ‘भाडेकरू आहे का’ असा एक कॉलम होता, प्रत्येक घरापुढे लांबलचक गिचमिड, वाचता काहीच येत नाही. मग तो कॉलम फक्त सॉर्ट केला, बाकी काही नाही. ९६ ओळींत दोनच वेगवेगळ्या गिचमिडी निघाल्या. एक ७१ वेळा, दुसरी २५ वेळा. आता आमच्या समोरच्या घरात भाडेकरू राहतात हे वॉचमनपासून दूधवाल्यापर्यंत सगळ्यांना ठाऊक आहे, म्हणजे त्या घरापुढची गिचमिड म्हणजे ‘हो’, आणि झालं की, अख्ख्या बिल्डिंगचा कॉलम वाचून झाला, एकही पासवर्ड न फोडता.

फोन करून विचारलं तर आत एईएस होतं, म्हणजे जगातल्या सगळ्यात चांगल्या सायफरपैकी (मजकुराची गिचमिड करायच्या रीतींपैकी) एक. कुलूप उत्तम होतं, लावलं चुकीचं होतं. आणि मला खरंच वाईट वाटलं, कारण आधारची झेरॉक्स, गाडीचा नंबर, कोण एकटं राहतं, ही माहिती लोकांनी विश्वासाने दिलेली असते. म्हणून हे सगळं सविस्तर लिहिते आहे. मला सांगायचंय ते एवढंच की ‘सिद्ध झालंय’ हे वाक्य अर्धं असतं, कोणाविरुद्ध सिद्ध, कशाच्या भरवशावर सिद्ध आणि कसं वापरलं तर सिद्ध, हे तीन तुकडे जोडल्याशिवाय त्याला काही अर्थ नाही. आणि हे तुकडे समजायला इंजिनिअर असायची गरज नाही, आठवीचं गणित पुरतं.

आधी डबा आणि चिठ्ठ्या

सुट्टीत भाची आली होती कोपरखैरण्याहून, बारावीला आहे, तिच्याबरोबर निरोप लपवायचा हा खेळ केला, तुम्हीही करा, पंधरा मिनिटं लागतात. स्टीलचा एक डबा घ्या, एकाच मापाच्या दहा चिठ्ठ्या, ० ते ९ आकडे, सगळ्यांची घडी सारखी. डबा हलवा, एक चिठ्ठी काढा, आकडा लिहा, चिठ्ठी परत आत टाका, पुन्हा हलवा, पुढची काढा. परत टाकायला विसरू नका, नाहीतर एकदा आलेला आकडा पुन्हा येणारच नाही आणि मधे निरोप पकडणाऱ्या चोराला तेवढीच फुकटची माहिती. मनाने आकडे लिहायचे नाहीत हे त्याहून महत्त्वाचं, कारण माणसाचा हात सलग दोनदा तोच आकडा लिहायला कचरतो आणि तिथेच पकडला जातो.

आमच्या डब्यातून आले ४९३८६. ही झाली किल्ली. दोन कागदांवर लिहा, एक तुमच्याकडे, एक समोरच्याकडे, प्रत्यक्ष हातात द्यायचा. आता निरोप, समजा ७०,२१५ रुपये भरा. एकाखाली एक मांडा आणि बेरीज करा, फक्त हातचा घ्यायचा नाही, आला तर सोडून द्यायचा. ७ आणि ४ अकरा, लिहा १. ० आणि ९ नऊ. २ आणि ३ पाच. १ आणि ८ नऊ. ५ आणि ६ अकरा, लिहा १. आलं १९५९१. हा आकडा बिनधास्त व्हॉट्सअ‍ॅपवर टाका नाहीतर ठाणे-वाशी लोकलच्या डब्यात ओरडून सांगा. समोरचा प्रत्येक आकड्यातून किल्लीचा आकडा वजा करेल, कमी पडले तर दहा उसने घेईल, की ७०२१५ परत.

भाचीने लगेच शंका काढली, मावशी पण चोर सगळ्या एक लाख किल्ल्या लावून बघेल ना, कॉम्प्युटरला काय वेळ लागतो. म्हटलं बघू दे की, तूच बघ. ४९३८६ लावली तर ७०२१५ येतं. ८६२६८ लावली तर ३३३३३ येतं. ती म्हणाली आणि ०००००? त्याची किल्ली १९५९१ स्वतःच. मग तिने तिचा पिनकोड घातला, त्याचीही किल्ली निघाली (सहा आकडी आहे म्हणून शेवटचा आकडा सोडला), आणि मग ती गप्प बसून कागदाकडे बघत राहिली. कारण एक लाख किल्ल्या लावल्या तर एक लाख रकमा येतात, प्रत्येक बरोब्बर एकदा, आणि डब्यातून प्रत्येक किल्ली निघायची शक्यता सारखीच, त्यामुळे चोराला १९५९१ ऐकण्याआधी जेवढं माहीत होतं तेवढंच ऐकल्यावरही माहीत. सुपर कॉम्प्युटर आणा, हजार वर्षं द्या, फरक शून्य, कारण फोडायला तिथे काही नाहीच.

हीच ती सिद्धता, संपूर्ण. याला वन-टाइम पॅड म्हणतात. टेलिप्रिंटरसाठी अशी पद्धत व्हर्नम या अमेरिकन इंजिनिअरने १९१७ मध्ये काढली आणि ती पूर्ण गुप्त आहे याची गणिती सिद्धता गणितज्ञ क्लॉड शॅननने १९४९ च्या निबंधात छापली. त्यानेच दुसरी गोष्टही सिद्ध केली जी लोक सांगत नाहीत, की इतकी पूर्ण गुप्तता हवी असेल तर किल्ली निरोपाएवढी लांब लागतेच, पळवाट नाही. म्हणजे २ जीबीचा व्हिडिओ पाठवायचा तर २ जीबीची किल्ली आधी हातात नेऊन द्या. कोणी छोटा पासवर्ड घेऊन ‘आमचं वन-टाइम पॅडसारखं अभेद्य आहे’ म्हणाला तर तिथेच थांबा, कारण तो शॅननच्या विरुद्ध बोलतोय.

आता तीच सिद्धता मोडून बघा

दुसऱ्या दिवशी आळस केला आणि तीच किल्ली वापरली. नवा निरोप ७०२९९, बेरीज १९५७५. कालचं १९५९१ आणि आजचं १९५७५ शेजारी ठेवा. पहिले तीन आकडे तेच, म्हणजे निरोपाचे पहिले तीन आकडेही तेच, हे चोराला किल्लीशिवाय कळलं. दोघांची वजाबाकी केली तर किल्ली उडूनच जाते आणि दोन निरोपांमधला फरक उरतो, त्यावरून भाषेच्या सवयी वापरून मजकूर ओढून काढता येतो. हे काल्पनिक नाही, सोव्हिएत रशियाच्या लोकांनी दुसऱ्या महायुद्धाच्या काळात पॅडची काही पानं दुसऱ्यांदा छापून वापरली आणि अमेरिकेने १९४३ पासून व्हेनोना नावाने त्यावर काम करून त्यांचे बरेच निरोप वाचले. शॅननची सिद्धता तेव्हाही खरी होती. अट मोडली होती.

आणखी एक गंमत, चोराला वाचायचंच नाहीये, त्याला बिघडवायचंय. त्याने १९५९१ मधला पहिला आकडा एकाने वाढवून २९५९१ केला. तुम्ही उलगडलं तर ८०२१५. दहा हजारांनी रक्कम वाढली, कुठे खूण नाही, आणि त्याने निरोप वाचलासुद्धा नाही. म्हणजे ‘पूर्ण गुप्त’ वेगळं आणि ‘कोणी हात लावला नाही’ वेगळं. पहिल्याची सिद्धता दाखवून दुसरं विकणारे खूप भेटतात. एन्क्रिप्शन घेताना ‘ऑथेंटिकेटेड’ हा शब्द शोधायचा तो यासाठी.

रोजच्या वापरातली सिद्धता कशी चालते

निरोपाएवढी किल्ली बाळगता येत नाही म्हणून सगळं जग दुसऱ्या पद्धतीवर चालतं, छोटी किल्ली आणि ‘चोराकडे अमर्याद वेळ नाही’ हे गृहीत. इथे सिद्धता अशी देतात की बाबा रे, माझं कुलूप उघडणारा माणूस आणून दाखव, त्यालाच हाताशी धरून मी एक असं गणित सोडवून दाखवते जे आजवर कोणालाही झटपट सोडवता आलेलं नाही. म्हणजे कुलूप उघडणं हे निदान त्या गणिताइतकं तरी कठीण. याला रिडक्शन म्हणतात आणि हे वाक्य ऐकून काहीच कळत नाही, मलाही कॉलेजात कळलं नव्हतं, आकड्यांवर केलं की कळतं.

मायकेल राबिन या संगणकशास्त्रज्ञाची १९७९ ची पद्धत घेऊ. दोन मूळ संख्या, ७ आणि ११, गुणाकार ७७. जगाला फक्त ७७ सांगायचं. निरोपाचा वर्ग करायचा, ७७ ने भागायचं, जी बाकी उरेल ती पाठवायची. आता समजा कोणी म्हणतो मला ७७ चे अवयव माहीत नाहीत पण कुठलीही बाकी द्या, मी तिचं मूळ, म्हणजे जिच्या वर्गातून ती बाकी उरते ती संख्या, सांगतो, म्हणजे कुलूप उघडतो. बरं. मी मनात ९ धरला, वर्ग ८१, ७७ वजा, बाकी ४. त्याला फक्त ४ दिलं. मी कुठून आले हे त्याला कळायला मार्ग नाही, कारण ४ ची मुळं चार आहेत, २, ९, ६८ आणि ७५, करून बघा, चौघांच्या वर्गाची बाकी ४ च. तो म्हणाला २. मी माझ्या ९ मधून २ वजा केले, ७ आले, ७ आणि ७७ चा मसावि काढला, ७. अवयव मिळाला! तो ७५ म्हणाला असता तरी ७५ वजा ९ म्हणजे ६६, ६६ आणि ७७ चा मसावि ११, हाही अवयव. ९ किंवा ६८ म्हणाला तर हाती काही लागत नाही, मग दुसरा आकडा मनात धरून परत विचारायचं. दर वेळी निम्मी शक्यता, दहा वेळा विचारलं तर दहाही वेळा फुकट जायची शक्यता १०२४ मध्ये एक.

म्हणजे राबिनचं कुलूप उघडणारा माणूस मिळाला तर अवयव पाडणारा मिळालाच. आणि मोठ्या संख्येचे अवयव पाडणं खरंच अवघड आहे, २५० आकडी एक संख्या २०२० मध्ये फोडली ती प्रचंड कॉम्प्युटर वेळ घालवून, आणि २०४८ बिटची किल्ली म्हणजे ६१७ आकडी संख्या. (संख्या मूळ आहे की नाही एवढंच तपासणं मात्र सोपं आहे, त्याची झटपट आणि खात्रीची पद्धत आयआयटी कानपूरच्या मणींद्र अग्रवाल, नीरज कयाल आणि नितीन सक्सेना यांनी २००२ मध्ये दिली, अभिमानाने सांगावं असं काम आहे ते.) जाता जाता, आरएसए हे असंच मोठ्या संख्यांवर चालणारं दुसरं कुलूप, त्याचं नाव बऱ्याच जणांनी ऐकलेलं असतं, पण आरएसए फोडणं म्हणजे अवयव पाडणंच असं आजवर कोणी सिद्ध केलेलं नाही. राबिनचं झालंय.

मग सगळे राबिनच का वापरत नाहीत? कारण वरचीच गोष्ट उलटी वाचा. ‘कुठलीही बाकी द्या, मी मूळ सांगतो’ म्हणणारा माणूस तुमचा स्वतःचा सर्व्हर असला तर? सर्व्हरकडे खरी किल्ली आहे, त्याचं कामच उलगडणं आहे, आणि त्याने उलगडलेलं उत्तर कसंही बाहेर दिसलं तर हल्लेखोर ९ मनात धरून ४ पाठवेल आणि तुमच्याच सर्व्हरकडून तुमचे अवयव काढून घेईल. ज्या सिद्धतेने कुलूप पक्कं म्हटलं, तिच्यातच ते उघडायची रीत लिहिलेली आहे. सिद्धता चुकीची नाही हां, ती फक्त लांबून ऐकणाऱ्या चोराविरुद्ध होती, सर्व्हरशी बोलणाऱ्या चोराविरुद्ध नव्हती. आणि १९९८ मध्ये ब्लायखेनबाखर या संशोधकाने आरएसएच्या तेव्हाच्या वापरातल्या एका पद्धतीवर दाखवलं की सर्व्हरने उत्तर द्यायचीही गरज नाही, ‘तुझा मेसेज नीट भरलेला नाही’ एवढी एरर दिली तरी लाखो वेळा विचारून निरोप काढता येतो. म्हणून पहिला प्रश्न कायम हाच, कोणाविरुद्ध सिद्ध? ऐकणाऱ्या, की स्वतःचे मेसेज घुसवून उत्तर बघणाऱ्या? आजच्या काळात दुसऱ्याविरुद्धच हवं.

त्या एक्सेलकडे परत

गोल्डवासर आणि मिकाली या दोघा संशोधकांनी १९८२ मध्ये ‘गुप्त’ या शब्दाची व्याख्या एका खेळासारखी मांडली, पुढे २०१२ चं ट्युरिंग अवॉर्ड, म्हणजे संगणकशास्त्रातला सर्वोच्च सन्मान, मिळालं त्यांना. मी दोन निरोप देते, ‘हो’ आणि ‘नाही’. तुम्ही लपून नाणं उडवता, छापा आला तर पहिला, काटा आला तर दुसरा एन्क्रिप्ट करून मला देता. मी ओळखायचं कुठला. निम्म्या वेळा तर आंधळाही बरोबर येतो, मी त्याहून सातत्याने जास्त बरोबर आले तर पद्धत फुटली. आणि मला आधी हवे तेवढे माझ्या पसंतीचे निरोप एन्क्रिप्ट करून घ्यायची मुभा. आता बघा, आमच्या शीटमध्ये ‘हो’ ची गिचमिड दर वेळी तीच, मी आधी एकदा ‘हो’ मागून घेते, मग तुमचं उत्तर त्याच्याशी ताडून बघते, दर वेळी जिंकते. म्हणजे ज्या पद्धतीत दर वेळी नवा रँडमपणा मिसळत नाही ती या खेळात हरणारच, आतलं सायफर कितीही भारी असो. दुसरं काही लक्षात राहिलं नाही तरी हे ठेवा, एकच फाइल एकाच पासवर्डने दोनदा एन्क्रिप्ट केली आणि दोन्ही वेळा हुबेहूब तेच आलं तर ते वापरू नका.

इथे अजून एक खाचखळगा आहे जो मराठी डेटाला विशेष लागू पडतो. या खेळात दोन्ही निरोप सारख्या लांबीचे असावे लागतात, कारण एन्क्रिप्शन मजकूर लपवतं, लांबी नाही. देवनागरीचं प्रत्येक चिन्ह युटीएफ-८ मध्ये (कॉम्प्युटरवर अक्षरं साठवायची नेहमीची रीत) ३ बाइट घेतं, ‘हो’ म्हणजे ह आणि ओकार, ६ बाइट, ‘नाही’ म्हणजे चार चिन्हं, १२ बाइट. म्हणजे रँडमपणा नीट घातला तरी बऱ्याच आधुनिक पद्धतींत ‘नाही’ ची गिचमिड लांब दिसणार आणि कॉलम परत उघडा पडणार! उपाय सोपा आहे, एकेक खाना एन्क्रिप्ट करायचा नाही, अख्खी फाइल करायची, आणि खाना करायचाच असेल तर ‘हो’, ‘नाही’ ऐवजी १ आणि ० लिहायचं.

भरवसा कशावर आणि आकडा किती

एईएसची सिद्धता नाहीये. हे ऐकून लोक दचकतात. १९९७ मध्ये अमेरिकेच्या निस्ट या स्टँडर्ड ठरवणाऱ्या सरकारी संस्थेने उघड स्पर्धा लावली, १५ सायफर आले, ५ अंतिम फेरीत गेले, बेल्जियमच्या डेमन आणि राइमन यांचं निवडलं गेलं आणि २००१ मध्ये स्टँडर्ड झालं. तेव्हापासून जगभरचे हुशार लोक फोडायला बसलेत, त्याच्या भरवशावर आपण आहोत. सिद्धता असते ती त्याच्या वरच्या मजल्याची, की एईएस चांगलं असेल तर ही वापरायची पद्धत चांगली आहे. मला हे अगदी प्रामाणिक वाटतं, एकच गृहीतक, सगळ्यांनी मिळून तपासलेलं, आणि बाकी सगळं त्यावर रचलेलं.

त्या सिद्धतेत आकडाही असतो आणि तो वाचायचा असतो. ६४ बिटचे तुकडे करणारी जुनी सायफरं घ्या, ट्रिपल डेस, ब्लोफिश. एका किल्लीवर साधारण २ चा ३२ वा घात इतके तुकडे झाले की हमी संपते, म्हणजे जेमतेम ३२ जीबी, आजकाल एका लग्नाचे फोटो-व्हिडिओ तेवढे असतात. २०१६ मध्ये असा हल्ला प्रत्यक्षात करून दाखवला संशोधकांनी. एईएसचे तुकडे १२८ बिटचे, तिथे मर्यादा इतकी पुढे जाते की घरगुती वापरात विचार करायला नको. पण एईएस-जीसीएम वापरणाऱ्या डेव्हलपर मंडळींनी एक ऐका, दर मेसेजला जो ९६ बिटचा नॉन्स, म्हणजे एकदाच वापरायचा आकडा, लागतो तो रँडम घेत असाल तर एका किल्लीवर ४२९ कोटी मेसेजच्या आत थांबायचं असतं, आणि तोच नॉन्स दोनदा वापरला तर डब्यातली किल्ली दोनदा वापरल्यासारखंच, वर खोटे मेसेज बनवायचा रस्ताही उघडतो. सर्व्हर रीस्टार्ट झाल्यावर काउंटर परत शून्यावर येतो ना, तिथे ही चूक होते, जाऊन बघा आजच. शक्य असेल तर लिबसोडियम या लायब्ररीमधलं एक्स-चाचा घ्या, नॉन्स १९२ बिटचा आहे, रँडम घ्या आणि निर्धास्त झोपा.

सिद्धताही चुकते, हेही सांगायला हवं. ओसीबी-२ नावाची पद्धत २००४ मध्ये सिद्धतेसकट आली, आंतरराष्ट्रीय स्टँडर्डमध्ये गेली, आणि २०१८ मध्ये जपानच्या इनोउए आणि मिनेमात्सु यांनी दाखवलं की सिद्धतेत भोक आहे आणि खोटे मेसेज खरे म्हणून खपवता येतात. चौदा वर्षं कोणाच्या लक्षात आलं नाही. म्हणून नवंकोरं, कालच सिद्ध झालेलं, असलं काही घेऊ नका, चार जणांनी तपासलेलं जुनं घ्या. आणि कंपनीने ‘अल्गोरिदम आमचं गुपित आहे’ म्हटलं तर विषयच संपला, पद्धत शत्रूच्या हातात पडली तरी चालली पाहिजे हे केर्कहॉफ्स या डच भाषातज्ज्ञाने १८८३ मध्येच लिहून ठेवलंय.

आता प्रत्यक्ष काय करायचं

सोसायटीसाठी आम्ही शेवटी ते सॉफ्टवेअर घेतलं नाही. साधी एक्सेल, आणि ती ‘एज’ (age, ब्राउझरवालं एज नव्हे) नावाच्या फुकट, ओपन सोर्स टूलने एन्क्रिप्ट करायची. कमांड लाइनवर चालतं पण दोनच कमांड आहेत. एज लिहा, मायनस पी म्हणजे पासफ्रेज (अनेक शब्दांचा पासवर्ड), मायनस ओ आणि पुढे नव्या फाइलचं नाव, मग जुनी फाइल. उलगडायला मायनस डी. आत चाचा-२० हे सायफर आणि छेडछाड ओळखणारं पॉली-१३०५ आहे, म्हणजे गुप्तताही आणि हात लावला तर पकडणंही. कमांड लाइनची भीतीच वाटत असेल तर सेव्हन-झिप चालेल, फॉरमॅट सेव्हन-झेड निवडा, पासवर्ड घाला, फाइलची नावंही एन्क्रिप्ट करायची खूण लावा. वाचणाऱ्यापासून ते वाचवेल, मुद्दाम बिघडवणाऱ्यापासून वाचवण्याची सिद्ध हमी त्यात नाही एवढं लक्षात ठेवा. नुसता एक्सेलचा कॉलम लपवणं किंवा शीट प्रोटेक्ट करणं हे एन्क्रिप्शन नव्हे, ते करून समाधान मानू नका.

मग दोन तपासण्या, मी प्रत्येक नव्या टूलवर करते. पहिली, तीच फाइल त्याच पासवर्डने दोनदा एन्क्रिप्ट करा आणि दोन्ही हेक्स एडिटरमध्ये (फाइलचा एकेक बाइट दाखवणारं टूल) उघडून शेजारी ठेवा, सुरुवातीचा हेडरचा भाग सारखा असेल पण त्यानंतर सगळं वेगळं हवं. दुसरी, एन्क्रिप्ट केलेल्या फाइलच्या मधोमध एक बाइट बदला, सेव्ह करा, आणि उलगडायचा प्रयत्न करा. टूलने साफ नकार द्यायला हवा. थोडीशी बिघडलेली फाइल गुपचूप उघडून दिली तर तो आपला १९५९१ चा २९५९१ झालेला प्रकार आहे.

पासवर्डवर मात्र वेळ घालवा, कारण वरची सगळी सिद्धता ‘किल्ली रँडम आहे’ या एका वाक्यावर उभी असते आणि आपण तिथे मुलाचं नाव आणि जन्मसाल टाकतो. काकांनी नातवाच्या लुडोतले फासे आणले, आम्ही १२९६ मराठी शब्दांची यादी केली, रोजचे शब्द, पातेलं, उंबरठा, गवती चहा असे. १२९६ का, तर चार फासे टाकले की ६ गुणिले ६ गुणिले ६ गुणिले ६ तितक्याच जागा होतात, प्रत्येक जागेला एक शब्द. चार फासे टाका, शब्द घ्या, असं सात वेळा. एका शब्दाला साधारण १०.३ बिट, सातांचे ७२ (एक बिट वाढला की चोराचं काम दुप्पट), आणि यादी चोराच्या हातात पडली तरी हा आकडा तसाच राहतो, हेच फाशांचं सौंदर्य. आवडला नाही म्हणून शब्द बदलायचा नाही हां, काका दोनदा बदलायला निघाले होते, बदलला की रँडम राहत नाही. इंग्रजी अक्षरांत, मध्ये डॅश देऊन टाइप करतो आम्ही.

क्वांटम कॉम्प्युटरबद्दल विचारतात म्हणून थोडक्यात. पीटर शोरने १९९४ मध्ये दाखवलं की मोठा क्वांटम कॉम्प्युटर अवयव झटपट पाडेल, म्हणजे राबिन आणि आरएसए दोघांच्या खालची जमीन जाईल, सिद्धता राहील पण भरवसा जाईल. चाचा-२० किंवा एईएस-२५६ ने, पासफ्रेज लावून केलेल्या फाइलला त्याची फारशी धास्ती नाही. ऑनलाइन किल्ली ठरवण्यासाठी निस्टने ऑगस्ट २०२४ मध्ये एमएल-केम स्टँडर्ड केलं, ते लॅटिस, म्हणजे बिंदूंच्या जाळ्यांच्या, गणितावर आहे. तिथेही डोळे उघडे ठेवायचे, साइक नावाची निस्टच्या त्याच निवड-स्पर्धेतली दुसरी पद्धत २०२२ मध्ये साध्या कॉम्प्युटरच्या एका कोअरवर सुमारे तासाभरात फुटली, कारण तिच्या खालचं गृहीतक तितकं जुनं, घासूनपुसून घेतलेलं नव्हतं.

आमची सात शब्दांची चिठ्ठी आता दोन सीलबंद पाकिटांत आहे, एक काकांच्या कपाटात, एक खजिनदारांच्या बँक लॉकरमध्ये, आणि पाकिटावर तिघांच्या सह्या. दर महिन्याच्या पहिल्या रविवारी बॅकअपच्या पेन ड्राइव्हवरून फाइल खरोखर उघडून बघतो. मागच्या महिन्यात उघडली नाही, काकांनी उंबरठा लिहिताना एक एच कमी टाकला होता, तर टूलने नुसतं नाही म्हटलं, मग पाकीट फोडलं, बघून बरोबर टाइप केलं, उघडली, आणि नवं पाकीट करून परत सह्या केल्या.